कलमी लिंबाला सरळसोट काटेरी फांद्या फुटल्यात, छाटणी कशी करू?

झाड पाच वर्षांचं, उंची नऊ फूट. मधून चार-पाच फांद्या सरळ वर गेल्यात, काटे लांबलचक, फूल एकही नाही. आत बरीच सल (वाळक्या काड्या) आहे, खालच्या फांद्या मातीला टेकल्यात. सगळं झाड सहा फुटांवर सपाट कापू का? सध्या पाऊस सुरू आहे.

प्रतिसाद १
सपाट अजिबात कापू नका. शेंडे गेले की खालचे डोळे एकदम फुटतात आणि चार पाणसोटांच्या (सरळ वर जाणाऱ्या अशा फांद्यांच्या) जागी दहा उभे राहतात.

आधी बुंध्यावर कलमाचा सांधा शोधा. साल किंवा जाडी बदलते ती जागा. त्याखालून फुटलेलं सगळं खुंटाचं, म्हणजे ज्यावर कलम बांधलंय त्या मूळ रोपाचं. पान चुरगळून पाहा, वास बहुधा वेगळा येतो. ते वाढू दिलंत तर खुंट वरचढ होतो आणि कलम मागे पडतं. कोवळा फुटवा हातानं खाली ओढून डोळ्यासकट काढा. कात्रीनं कापलात तर तिथूनच पुन्हा येतो.

सांध्याच्या वर आहेत ते पाणसोट. तेही सरसकट काढू नका! झाडात जिथे पोकळी आहे तिथला एक ठेवा, दीड-दोन फुटांवर शेंडा खुडा. बाजूनं फुटवे येतील आणि तीच फांदी पुढे फळं धरेल. बाकीचे बुडापासून काढा.

धागाकर्ता
एका वेळी किती कापायचं? मनगटाएवढी एक फांदी वाळलीय, तिच्या जखमेला काय लावू?

प्रतिसाद २
पाऊस थांबू द्या. ओल्या हवेत ताज्या जखमांतून खैऱ्या (पानांफळांवर खरबरीत डाग पाडणारा जिवाणूंचा रोग) शिरतो. हिरवा भाग पाव हिश्शाहून जास्त नको. या झाडाचा बराचसा अन्नसाठा पानाफांद्यांतच असतो, शिवाय उघडी पडलेली साल उन्हानं भाजून तडकते. उंची दोन-तीन वर्षांत उतरवा, दर वेळी आडव्या उपफांदीपर्यंतच मागे या. जमिनीपासून दीड फूट मोकळं ठेवा, नाहीतर मातीच्या शिंतोड्यांतून डिंक्याची (बुंध्यातून डिंक गळण्याच्या रोगाची) बुरशी चढते.

जाड फांदी आधी खालून तिसरा हिस्सा कापा, मग थोडं पुढे सरकून वरून. असं केलं की साल सोलत नाही. उरलेलं थोटूक बुडाशी फुगवटा असतो त्याच्या जरा बाहेर कापा. करवत स्पिरिटनं पुसून घ्या.

जखमेला बोर्डो पेस्ट लावा. 100 ग्रॅम मोरचूद (कॉपर सल्फेट) अर्धा लिटर पाण्यात, 100 ग्रॅम कळीचा चुना दुसऱ्या अर्ध्या लिटरमध्ये, दोन्ही प्लास्टिकच्या भांड्यांत. मग एकत्र करून ढवळा. लोखंडी खिळा मिनिटभर बुडवा. तांबूस थर चढला तर चुना थोडा वाढवा. पेस्ट त्याच दिवशी संपवा.