‘चरित्र अभिनेता’ : नेमके कोणाचे चरित्र?

मृण्मयी : लेओपोल्दो त्रिएस्ते (१९१७–२००३) या इटालियन नटावरील लेखात मी त्यांना ‘चरित्र अभिनेते’ म्हटले, तर संपादकांनी समासात विचारले, ‘कोणाच्या चरित्रपटात काम केले होते?’ ठळक स्वभावाची माणसे रंगवणाऱ्या अशा नटाला इटालियनमध्ये ‘कारात्तेरिस्ता’ म्हणतात. मराठीत काय म्हणावे?

जुना प्रेक्षक : ‘चरित्र अभिनेता’ ही हिंदीची उसनवारी आहे. मराठीत चरित्र लिहितात आणि चारित्र्य जपतात. अभिनय भूमिकेचा करतात. सरळ ‘सहायक अभिनेता’ लिहावे.

मृण्मयी : सहायक कोणाचे? दिग्दर्शक फेलिनी यांच्या १९५२ सालच्या ‘लो शेइको बियांको’मध्ये नवी नवरी हरवलेला, घामाघूम होऊन नातेवाइकांना थापा मारणारा नवरदेव त्यांनीच रंगवला आहे, आणि ती दुय्यम भूमिका मुळीच नाही. शिवाय इटालियन पुरस्कारांत ‘नॉन प्रोतागोनिस्ता’, म्हणजे ‘नायक नसलेला’, असा निराळा शब्द असतो.

धातुपाठी : उसनवारीचा आरोप मला मान्य नाही. ‘चर्’ म्हणजे चालणे, वागणे. म्हणून चरित्र म्हणजे वागणूक, आणि वागणुकीतून माणूस उभा करणारा तो चरित्र अभिनेता. याउलट ‘कारात्तेरे’चे मूळ ग्रीक असून त्याचा अर्थ कोरलेला ठसा असा आहे. त्यामुळे ‘ठसानट’ही चालेल, आणि आपला ‘ठसठशीत’ त्याला शोभूनही दिसेल.

जुना प्रेक्षक : ‘ठसानट’ ऐकून छापखान्यातला कामगार डोळ्यांपुढे येतो! ‘गॉडफादर’च्या दुसऱ्या भागातला त्रिएस्ते यांचा घरमालक आठवा. विधवा भाडेकरूला घराबाहेर काढायला निघालेला हा माणूस, समोरचा कोण आहे हे कळल्यावर, कोणी न मागता भाडे आणखी आणखी उतरवत जातो, आणि निघताना त्याला दार उघडता उघडत नाही. ही दोन मिनिटे बघणाऱ्याला त्या नटाची जात सांगावी लागत नाही.

मृण्मयी : मलाही लागली नसती, पण लेखाला लागते. ‘सिनेमा पारादिसो’त चुंबन दिसताच घंटा वाजवणारा पाद्री तोच, आणि ‘इ वितेल्लोनी’तला होतकरू नाटककारही तोच, गंमत म्हणजे हे गृहस्थ मुळात नाटककारच होते.

रंगपट : जुन्या इटालियन नाटक मंडळ्यांत ‘कारात्तेरिस्ता’ हे नटाचे ठरलेले पद असे, जसे आपल्याकडे राजापार्ट आणि स्त्रीपार्ट. म्हणून मूळ शब्दच ठेवावा.

धातुपाठी : ठेवा, पण मग सामान्यरूपाचे काय? रस्ता–रस्त्याला, तसे ‘कारात्तेरिस्त्याला’ म्हणायचे?

जुना प्रेक्षक : परकीय शब्दाला विकार करू नये. ‘कारात्तेरिस्ताला’.

रंगपट : आणि अनेकवचन? इटालियनमध्ये ते ‘कारात्तेरिस्ती’ होते; आपल्याकडे ती एखादी बाई वाटेल.

धातुपाठी : मग ‘कारात्तेरिस्ते’. रस्ते, तसे.

मृण्मयी : लेख उद्या सकाळी द्यायचा आहे.

जुना प्रेक्षक : ‘रस्ते’ हा दाखला इथे लागू होत नाही, कारण रस्ता हा शब्दच मुळात फारसीतून आला आहे.