अनुभव धागा : "आवाज यायलाय का रे?" – गेममधला व्हॉइस चॅट आणि आपण काढलेले उपाय

धागाकर्ता, छत्रपती संभाजीनगर

मंडळी, व्हॅलोरंट असो, काउंटर-स्ट्राइक असो की डोटा, पाच जणांच्या टीममध्ये एकाचा माइक बंद पडला की बाकी चौघांचा खेळ निम्मा होतो. शत्रू मागून आलाय हे टाइप करेपर्यंत राउंड संपलेला असतो. नेटवर सल्ले भरपूर आहेत, पण ते बहुतेक स्वतंत्र खोली, एसी आणि चांगलं अर्थिंग असलेल्या घरासाठी लिहिलेले. आपल्याकडं कूलर आहे, इन्व्हर्टर आहे, लोडशेडिंग आहे आणि त्याच खोलीत आजोबांच्या बातम्या चालू आहेत. म्हणून हा धागा काढलाय.

एक विनंती. "ड्रायव्हर अपडेट करा" एवढं लिहून थांबू नका. लक्षण काय होतं, आवाज नेमका कुठं अडकला होता आणि कशानं सुटला, हे तिन्ही लिहा.

सुरुवात मी करतो. माझा भर एकाच गोष्टीवर असतो, आधी आवाज कुठपर्यंत पोचतोय ते बघायचं. विंडोजच्या साउंड सेटिंग्जमध्ये इनपुटखाली आपला माइक निवडा आणि बोला. पट्टी हललीच नाही तर दोष माइक, वायर किंवा जॅकमध्ये आहे, किंवा माइक विंडोजमध्येच म्यूट आहे. तोवर गेमच्या सेटिंगला हात लावू नका. पट्टी हलते पण गेममध्ये आवाज नाही, असं असेल तर प्रायव्हसीमधलं मायक्रोफोनचं पान उघडा. तिथं डेस्कटॉप अ‍ॅप्ससाठी परवानगीचं वेगळं बटण असतं. स्टीम या ऑनलाइन दुकानातले बहुतेक गेम आणि डिस्कॉर्ड हे गप्पांचं अ‍ॅप त्याच बटणाखाली येतात. वरचं बटण चालू आणि हे बंद, असं मी कितीतरी जणांच्या संगणकावर बघितलंय.

दुसरी जागा जास्त फसवी आहे. विंडोजमध्ये डिफॉल्ट डिव्हाइस वेगळं आणि डिफॉल्ट कम्युनिकेशन डिव्हाइस (कॉलवर बोलण्यासाठीचं) वेगळं असू शकतं. वेबकॅम जोडलेला असेल तर त्याच्यातही माइक असतो, आणि गेम कधीकधी हेडसेट सोडून त्या वेबकॅमचंच ऐकत बसतो. 'मोअर साउंड सेटिंग्ज'मधल्या रेकॉर्डिंग टॅबवर जा, आपल्या माइकवर राइट क्लिक करून दोन्ही डिफॉल्ट त्यालाच द्या, नको ते माइक डिसेबल करा. मग गेम बंद करून पुन्हा चालू करा, कारण बरेच गेम माइकची यादी सुरू होतानाच वाचतात. लाइट जाऊन आल्यावर मी हे पान एकदा बघून घेतो.

आता तुम्ही लिहा.

लातूरचा कॅफेवाला

गंजगोलाईपासून जवळच माझा छोटा गेमिंग कॅफे आहे. क्लास सुटले की पोरं येतात, बरेच जण मोबाइलचा हेडफोन खिशात घालून. सगळ्यात जास्त येणारी तक्रार म्हणजे ऐकू येतंय, पण आपलं बोललेलं जात नाही.

अशा वेळी मी आधी प्लग हातात घेतो आणि त्याच्यावरच्या काळ्या पट्ट्या बघतो. तीन पट्ट्या असल्या तर प्लगचे चार भाग झाले, म्हणजे डावा कान, उजवा कान, ग्राउंड आणि माइक. दोन पट्ट्यांच्या प्लगमध्ये फक्त दोन कान आणि ग्राउंड. डेस्कटॉपला मागं हिरवं छिद्र हेडफोनचं आणि गुलाबी माइकचं असतं. तीन पट्ट्यांचा प्लग हिरव्यात घातला की गेम छान ऐकू येतो, पण माइकचा भाग कुठंच जोडला जात नाही. पोराला वाटतं हेडफोन खराब झाला.

याला वाय आकाराची छोटी वायर मिळते. एका टोकाला छिद्र, दुसऱ्या टोकाला हिरवा आणि गुलाबी असे दोन प्लग. घेताना डोळ्यात तेल घालून बघा, कारण तशीच दिसणारी दुसरी वायर एका आवाजाचे दोन हेडफोन करायची असते, ती इथं काहीच कामाची नाही. दोनपैकी एका प्लगवर माइकचं चित्र पाहिजे. लॅपटॉपला एकच जॅक असेल आणि त्याच्याजवळ माइकवाल्या हेडफोनचं चिन्ह असेल तर ही वायर लागत नाही. काही संगणकांवर प्लग घातल्यावर "काय जोडलंय?" अशी खिडकी येते. तिथं 'हेडफोन' नाही, 'हेडसेट' निवडायचं.

असेंबल केलेल्या संगणकाला आणखी एक रोग असतो. कॅबिनेटच्या पुढच्या जॅकची आतली वायर मदरबोर्डला जोडलेलीच नसते. पुढं चालत नसेल तर मागं लावून बघा, मगच बाकीचं.

परवा औशाचा एक मुलगा हेडसेट फेकायच्या तयारीत आला. बोलताना शब्द तुटत होते, नेट चांगलं. साउंड सेटिंग्जमधली पट्टी उघडी ठेवली, त्याला सलग "आऽऽ" म्हणायला लावलं आणि मी प्लगपासून वायर बोटाबोटानं वाकवत गेलो. प्लगच्या रबरापासून दोन बोटांवर वायर वाकवली की पट्टी शून्यावर जायची. आतली तार तिथं तुटलेली होती. प्लग कापून नवा सोल्डर केला, हेडसेट आजही चालू आहे. नवीन घ्यायच्या आधी एवढं जरूर करा.

परभणीकर

जगात जर्मनी, भारतात परभणी, आणि परभणीत एप्रिल-मेमध्ये कूलरशिवाय बसता येत नाही. आमचा लोखंडी कूलर खिडकीला, टेबल त्याच्यासमोर. टीममधले म्हणायचे, तू हेलिकॉप्टरमधून बोलायलास का.

यात जो फरक पडला तो सॉफ्टवेअरच्या आधी जागेनं पडला. टेबल फिरवलं. माझ्या हेडसेटचा माइक समोरचं जास्त घेतो आणि मागचं कमी, त्यामुळं कूलर माइकच्या पाठीशी येईल असा बसलो. माइक ओठांच्या अगदी समोर न ठेवता कोपऱ्याला, दोन बोटं अंतरावर ठेवला. तोंडाजवळ आल्यामुळं माइकची लेव्हल कमी करता आली, आणि लेव्हल कमी झाली की कूलरही आपोआप मागं पडतो. बूस्ट, म्हणजे माइकचा आवाज वाढवणारं सेटिंग, तीस डेसिबलवर ठेवून कूलरच्या नावानं ओरडण्यात अर्थ नाही.

मग डिस्कॉर्डचं नॉइज सप्रेशन. कूलर, पंखा असा एकसारखा आवाज ते चांगलं काढतं, पण हेडसेटच्या सॉफ्टवेअरमध्येही तसंच फिल्टर चालू असेल तर दोन्ही मिळून शब्दच खातात. "डावीकडं दोन" मधला "दोन" जातो. दोनपैकी एकच चालू ठेवा. इनपुट सेन्सिटिव्हिटी, म्हणजे किती आवाजावर माइक उघडायचा ते, आपोआपवर न सोडता हातानं लावा. कूलर चालू ठेवून गप्प बसायचं आणि माइक उघडत नाही अशा जागेपर्यंत खूण सरकवायची.

मे महिन्यात मात्र मी सरळ पुश टू टॉकवर जातो. बटण दाबलं तरच आवाज. टीमला शांतता देणं हे माझं काम आहे असं मी मानतो.

गेवराईचा गडी (जि. बीड)

आमच्या गावात फायबर नाही, फोनच्या नेटवर खेळतो. त्रास वेगळाच होता. माझा आवाज दुसऱ्यांना रोबोटसारखा ऐकू जायचा, मला मात्र सगळ्यांचं स्वच्छ ऐकू यायचं. म्हणजे येणारा रस्ता चांगला, जाणारा खराब.

सगळे म्हणाले स्पीड कमी आहे. पण व्हॉइसला स्पीड लागतो किती? डिस्कॉर्डच्या साध्या चॅनेलचा बिटरेट (सेकंदाला जाणारा डेटा) ६४ केबीपीएस असतो, त्याला २जीच्या पुढचं कुठलंही बरं नेट पुरतं. आवाजाचे बारीक बारीक तुकडे पाडून पाठवतात. ते हरवले किंवा मागंपुढं पोचले की आवाज फाटतो. उशिरा आलेला तुकडा काही कामाचा राहत नाही.

कमांड प्रॉम्प्टमध्ये पिंग (नेटचा उशीर मोजणारी आज्ञा) चालू ठेवून बघितलं तर ४० मिलिसेकंदावरून एकदम ६००, मध्येच "रिक्वेस्ट टाइम्ड आउट". शोधता शोधता कळलं की घरातले फोटो त्याच हॉटस्पॉटवरून क्लाउडवर चढत होते. अपलोडची नळी त्यातच भरून जायची. बॅकअप रात्री उशिराचा लावला आणि वाय-फाय हॉटस्पॉटऐवजी यूएसबी केबलनं फोनचं नेट संगणकाला दिलं (टेदरिंग). फोन खिडकीतल्या कोनाड्यात, टॉवरच्या बाजूला. आता शब्द तुटत नाहीत. तरी पाऊस-वाऱ्यात लाइट गेली की टॉवर डळमळतो, तेव्हा रँकचा सामना लावत नाही. चार जणांचा खेळ घालवायचा नाही.

वसतिगृहातून, छत्रपती संभाजीनगर

इथल्या वाय-फायवर गेम चालतो, डिस्कॉर्डवर मेसेज जातात, पण व्हॉइस चॅनेलमध्ये "आरटीसी कनेक्टिंग" वर अडकतं आणि शेवटी "नो रूट". फोनच्या हॉटस्पॉटवर तोच लॅपटॉप लगेच जोडला जातो, म्हणजे लॅपटॉप निर्दोष. डिस्कॉर्डचा आवाज यूडीपी नावाच्या डेटा पाठवायच्या पद्धतीनं जातो आणि बऱ्याच संस्थांच्या नेटवर्कवर ते अडवलेलं असतं. व्हीपीएन वापरणाऱ्यांनीही हे लक्षात ठेवा, यूडीपी चालत नसलेल्या व्हीपीएनवर हेच होतं. आम्ही गेममधलाच व्हॉइस वापरतो, तो चालतो.

गोदाकाठ, नांदेड

माझा विषय घूंऽऽ.

लॅपटॉप चार्जरवर असला की माइकमध्ये एकसुरी गुणगुण, चार्जर काढला की गायब. लक्षण इतकं स्पष्ट असेल तर सेटिंग चाळण्यात वेळ घालवू नका. आपल्या विजेची वारंवारता ५० हर्ट्झ आहे आणि अर्थिंग नसलं की ती गुणगुण आवाजाच्या वायरीत शिरते. बॅटरीवर लॅपटॉप विजेपासून सुटा असतो, म्हणून शांत.

वायरमन काकांना बोलावलं. त्यांनी टेस्टरचा दिवा फेज आणि अर्थमध्ये धरला, अंधुक लागला. फेज आणि न्यूट्रलमध्ये धरला, लख्ख. "अर्थिंग नावालाच आहे तुमचं," म्हणाले. घरामागं जुना खड्डा होता. काळी माती उन्हाळ्यात इतकी भेगाळलेली की सळईभोवती बोट जाईल एवढी फट. माती कोरडी झाली की अर्थिंगचा रोध वाढतो. त्यांनी खड्डा पुन्हा उकरला, सळईभोवती कोळसा आणि मीठ थरांनी भरलं, वर पाइप ठेवला आणि आठवड्याला बादलीभर पाणी ओतायला सांगितलं. गुणगुण गेली, आणि फ्रिजला हात लावल्यावर येणाऱ्या मुंग्याही गेल्या. ही दुसरी गोष्ट व्हॉइस चॅटपेक्षा कितीतरी महत्त्वाची आहे. हे काम स्वतः करू नका, जाणकार वायरमनकडूनच करून घ्या. आणि तीन पिनांच्या प्लगची मोठी पिन तोडून दोन पिनांच्या बोर्डात घालायची सवय आपल्याकडं घरोघरी आहे, ती आज बंद करा.

भाड्याचं घर असेल आणि मालक ऐकत नसेल तर यूएसबी हेडसेट किंवा छोटं यूएसबी साउंड कार्ड घ्या, गुणगुण बरीच कमी होते. अर्थात त्यानं अर्थिंगचा धोका जात नाही. स्क्वेअर वेव्ह इन्व्हर्टरवरही अशीच घरघर येते, तिथं लॅपटॉप बॅटरीवर खेळवणं बरं.

जालनेकर

ब्लूटूथवाल्यांसाठी. गाणी झकास, पण गेममध्ये माइक चालू केला की सगळा आवाज जुन्या टेलिफोनसारखा होतो ना? हेडफोन बिघडलेला नाही. साध्या ब्लूटूथमध्ये चांगला स्टिरिओ आवाज आणि माइक एकाच वेळी जात नाहीत. माइक मागितला की तो हँड्स-फ्री मोडमध्ये जातो आणि दर्जा घसरतो. गेम आणि डिस्कॉर्ड, दोन्हीकडं इनपुटला लॅपटॉपचा आतला माइक द्या, आउटपुटला हेडफोनचं स्टिरिओ. पावलांचा आवाज कुठून येतोय ते पुन्हा कळायला लागतं. शक्य असेल तर वायरवाला घ्या, आवाज उशिरा पोचण्याचा प्रश्नही मिटतो.

एक आई, अंबाजोगाई

नमस्कार. मी खेळत नाही, मुलगा खेळतो. माइनक्राफ्टमध्ये त्याला मित्रांशी जोडून घेता येईना. दुकानात नेलं, तिथं माइक चांगला असल्याचं सांगितलं. माझ्या भाच्यानं खरं कारण शोधलं. मुलाचं खातं बालखातं आहे आणि त्याच्या एक्सबॉक्स प्रायव्हसीत इतरांशी संवाद बंद होता. तो पालकाच्या खात्यातूनच उघडतो, मुलाला कितीही खटपट करून उघडत नाही.

मी तो "सगळ्यांसाठी" न उघडता "फक्त मित्रांसाठी" उघडला आणि मित्रांची यादी त्याच्याशेजारी बसून बघितली. अनोळखी मोठी माणसं तिथं कशी भाषा वापरतात हे मी ऐकलंय. तुम्ही सगळी मुलं इतकं छान समजावून सांगताय, तर नवीन खेळाडूला म्यूट आणि रिपोर्टची बटणं कुठं आहेत हेही सांगत जा.

धाराशिवकर

ताई, अगदी खरं. व्हॅलोरंटमध्ये एस्केप दाबलं की खेळाडूंच्या यादीत प्रत्येकासमोर म्यूटचं बटण आहे.

माझा अनुभव छोटा आहे. डिस्कॉर्डचं पुश टू टॉक डेस्कटॉपवर चालायचं, गेम समोर आला की बंद. गेम अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालू होता आणि डिस्कॉर्ड साधा, त्यामुळं दाबलेलं बटण डिस्कॉर्डपर्यंत पोचतच नव्हतं. गेमच्या शॉर्टकटमधून अ‍ॅडमिनिस्ट्रेटरची खूण काढली. गेमला ती लागतच असेल तर डिस्कॉर्डही तसाच चालू करा.

आणि कोणी बोललं की गेमचा आवाज एकदम खाली जात असेल तर विंडोजच्या जुन्या साउंड खिडकीत कम्युनिकेशन्स नावाचा टॅब आहे. तिथं ८० टक्के कमी करायचं ठरलेलं असतं. "काहीच करू नका" निवडा.

हिंगोलीहून

दादा, एक विचारायचं होतं. आम्ही पाच जण खेळतो. मला आणि इतर तिघांना स्वतःचाच आवाज परत ऐकू यायलाय. माझं कुठलं सेटिंग बदलू?

लातूरचा कॅफेवाला

तुझं काहीच बदलू नको. ज्याला स्वतःचा आवाज परत ऐकू येत नाही, त्या पाचव्याकडं बघ. बहुतेक तो स्पीकरवर खेळतोय आणि तुमचा आवाज त्याच्या माइकमध्ये शिरतोय. हेडफोन घालूनही राहिलं तर त्याच्या इनपुटला 'स्टिरिओ मिक्स' (संगणकात वाजणारा आवाजच माइकसारखा पुढं पाठवणारा पर्याय) निवडलेलं आहे का ते बघायला सांग.

हिंगोलीहून

बघितलं दादा. हेडफोन घालूनही येतच होता. इनपुटला स्टिरिओ मिक्सच निघालं. माइक निवडल्यावर गेला. त्याचं बूस्टही तीसवर होतं, दहावर आणायला लावलं.