बीफ खिम्याचा पॉट पाय: खालची पारी कोरडी आणि सारण दाट कसं राखावं?

साटोरी

अमेरिकन पद्धतीचा पॉट पाय (पारीत दाट, रसदार सारण भरून ओव्हनमध्ये भाजलेला पदार्थ) घरी करायचा आहे, पण चिकनचा नाही, बीफच्या खिम्याचा. पारी वर-खाली दोन्हीकडे हवी. भांडं ९ इंची, खोल, काचेचं. इथे न्यू जर्सीत ८०/२० (८० टक्के मांस, २० टक्के चरबी) आणि ९३/७ असे दोन्ही खिमे मिळतात. सारणात कांदा, गाजर, सेलरी, बटाटा, मटार.

पाककृती ढिगाने सापडतात, पण बहुतेकांत ‘रस दाट होईपर्यंत शिजवा’ एवढंच असतं. तर विचारायचंय ते असं:

१) कोणता खिमा घ्यावा? १ पौंडाला स्टॉक आणि मैदा किती?
२) बटाटा कच्चा घालावा की उकडून?
३) खालची पारी ओली, पिठूळ राहते ती कशाने? आधी भाजून घ्यावी का?
४) आदल्या दिवशी काय काय करून ठेवता येईल?

---

केळफूल

या पायचं सगळं गणित पाण्याचं आहे. पारीच्या आत जाण्याआधी सारण पूर्ण शिजलेलं, दाट आणि गार असायला हवं. ओव्हनमध्ये शिजायची ती फक्त पारी. ‘राहिलेलं आत शिजेल’ म्हणून जे जे सोडाल, ते आपलं पाणी खालच्या पारीत सोडणार.

खिमा ८०/२० घ्या. ९३/७ रवाळ आणि कोरडा होतो, आणि भाज्या परतायला वेगळं बटर घालावंच लागतं. तोच घरात असेल तर १ पौंडाला (४५० ग्रॅम) पाव टीस्पून खाण्याचा सोडा १ टेबलस्पून पाण्यात विरघळवून चोळा आणि १५ मिनिटं ठेवा. सोड्याने मांस आपलं पाणी धरून ठेवतं आणि रंगही लवकर येतो. पाव टीस्पूनपेक्षा जास्त नको, साबणासारखी चव येते.

सारण:
खिमा ४५० ग्रॅम, कांदा १ मोठा, गाजरं २, सेलरीचे दांडे २, बटाटा २५० ग्रॅम, फ्रोझन मटार पाऊण कप, मैदा ४ टेबलस्पून, कमी मिठाचा बीफ स्टॉक दीड कप (३६० मिली), टोमॅटो पेस्ट १ टेबलस्पून, वूस्टरशर सॉस १ टेबलस्पून, सुकं थाइम अर्धा टीस्पून, मिरपूड अर्धा टीस्पून. मीठ शेवटी चाखून, कारण स्टॉक आणि सॉस दोन्हींत ते आधीच असतं.

बिडाचा किंवा जाड बुडाचा रुंद तवा चांगला तापवा. खिमा थापून एकच जाड थर करा आणि ४-५ मिनिटं अजिबात हलवू नका. खालून गडद तपकिरी झाला की मगच उलटून फोडा. सुरुवातीपासून ढवळत राहिलं तर पाणी सुटतं आणि खिमा त्याच पाण्यात उकळतो. मग रंग करडा आणि चव सपाट. रस कितीही मुरवला तरी ती कसर भरून निघत नाही.

खिमा काढून ठेवा. तव्यात २ टेबलस्पून चरबी राहू द्या, बाकीची ओतून टाका. जास्तीची चरबी रसात मिसळत नाही, वर तवंग येतो आणि पारी तेलकट होते. आता कांदा, सेलरी, गाजर ७-८ मिनिटं परता. टोमॅटो पेस्ट घालून तिचा रंग विटकरी होईपर्यंत परता. मग मैदा भुरभुरवून २ मिनिटं भाजा, कच्चट वास गेला पाहिजे. स्टॉक तीन वेळा थोडा थोडा घाला आणि दरवेळी गुठळ्या मोडून घ्या. बुडाला चिकटलेलं सगळं खरवडून रसात आणा, चव तिथेच आहे.

खिमा परत घालून मंद आचेवर १० मिनिटं. रसाला एकदा खरी उकळी आलीच पाहिजे, नुसती वाफ पुरत नाही. मैद्यातला स्टार्च उकळीच्या जवळ गेल्यावरच पूर्ण फुगतो. दाटपणाची खूण: उलथनं बुडावरून ओढलं की वाट पडावी आणि ती २-३ सेकंदांनी मिटावी. लगेच मिटली तर रस पातळ आहे, आणखी आटवा. मिटलीच नाही तर २-३ चमचे स्टॉक घाला, कारण गार झाल्यावर तो आणखी घट्ट होतो.

बटाटा उकडूनच. १ सेंटिमीटरच्या फोडी, मिठाच्या पाण्यात ६ मिनिटं, मग निथळून कोरड्या करायच्या. सुरी आत जावी पण फोड फुटू नये. युकॉन गोल्ड घ्या. रसेट जातीचा बटाटा रसात विरघळतो. मटार गॅस बंद केल्यावर, न वितळवताच.

आता सारण रुंद परातीत पसरा. पातेल्यातच ठेवलं तर मधला भाग तासन्‌तास गरम राहतो. पारीशी गाठ घालण्याआधी ते स्पर्शाला पूर्ण गार हवं. कोमट सारणानेही बटर ओव्हनमध्ये जाण्याआधीच वितळतं, पदर सुटत नाहीत आणि तळाला लगदा होतो.

पारी:
मैदा ३१५ ग्रॅम (अडीच कप), मीठ १ टीस्पून, बिनमिठाचं थंडगार बटर २२६ ग्रॅम (२ स्टिक), बर्फाचं पाणी ६ ते ८ टेबलस्पून.

करंजीच्या मोहनासारखं बटर पिठात एकजीव करायचं नाही, इथे आपला हात सवयीने फसतो. मटाराच्या दाण्याएवढे तुकडे दिसत राहायला हवेत, पदर त्यांच्यामुळेच सुटतात. पाणी एकेक चमचा. मुठीत दाबल्यावर गोळा टिकला की थांबा, मळू नका. एक गोळा थोडा मोठा (खालचा), एक लहान. चपटे करून, गुंडाळून फ्रिजमध्ये किमान १ तास. हा तास गाळला तर पारी भाजताना आक्रसते आणि काठावरून घसरते.

खालची पारी १३ इंच, ३ मिमी जाड. भांड्यात ताणून बसवू नका, उचलून कोपऱ्यात सैल सोडा. सारण काठाच्या अर्धा इंच खाली. वरची पारी ११ इंच, कडा दुमडून चिमटा आणि मध्ये ४-५ चिरा द्या. अंडं आणि १ टेबलस्पून दूध फेटून वरून लावा.

ओव्हन ४२५°फॅ (२२०°से). सर्वांत खालच्या खणात जाड ट्रे आधीपासून तापवा आणि पाय त्यावर ठेवा. २० मिनिटांनी ३७५°फॅ (१९०°से) करून आणखी ३५-४० मिनिटं. चिरांतून दाट बुडबुडे यायला लागले आणि तळ सोनेरी दिसला की झालं. वरचा रंग बघून फसू नका, तो तळाच्या कितीतरी आधी येतो. कडा करपायला लागल्या तर तेवढ्यावर फॉइल. बाहेर काढल्यावर २० मिनिटं कापू नका, नाहीतर रस ताटभर वाहतो.

---

मेलबर्नकर

केळफूल यांच्या प्रमाणांशी पूर्ण सहमत. पण एक गोष्ट ठळकपणे सांगायला हवी. साटोरी, तुमचं भांडं काचेचं आहे. फ्रिजमधून काढलेलं गार काचेचं भांडं तापलेल्या ट्रेवर ठेवू नका, तडकू शकतं. तापलेल्या ट्रेची युक्ती धातूच्या भांड्यासाठी. ९ इंची खोल ॲल्युमिनियमचं भांडं स्वस्त मिळतं, आणि ते उष्णता तळापर्यंत पटकन पोचवतं.

काचच वापरायची असेल तर भांडं घरातल्या तपमानाचं ठेवा, त्यात गार पारी आणि गार सारण भरा, आणि तापलेल्या ओव्हनच्या खालच्या जाळीवर ठेवा, ट्रे नको. काचेला तळ बाहेरून दिसतो हा मोठा फायदा आहे. पण ती सावकाश तापते, त्यामुळे १० मिनिटं जास्त धरा.

पारी आधी भाजावी का? सारण वर सांगितलंय तितकं दाट असेल तर गरज नाही. तरी खात्री हवी असेल तर बेकिंग पेपर अंथरून कोरडा राजमा काठोकाठ भरा, ४००°फॅवर २० मिनिटं, मग कागद-राजमा काढून आणखी ५ मिनिटं. अडचण एकच, भाजलेल्या कडेला वरची कच्ची पारी नीट चिकटत नाही. कडेला अंड्याचा पांढरा लावा, वरची पारी थोडी मोठी ठेवा आणि काठाच्या बाहेरून खाली दाबा.

इथे ऑस्ट्रेलियात खिम्याचा पाय म्हणजे गल्लोगल्ली बेकरीत मिळणारा, हातात मावणारा. ‘मीट पाय’ म्हणून विकायचा तर त्यात किमान २५ टक्के मांस हवं असा इथल्या खाद्य-मानकांचा नियम आहे. त्यातून घेण्यासारखं तंत्र म्हणजे दोन वेगळ्या पाऱ्या. खाली साधी खुसखुशीत, वर तयार पफ पेस्ट्री. खालच्या पारीला रस पेलायचा असतो, म्हणून तिच्यात बटर जरा बारीक मिसळतात (मोहनवाली सवय इथे कामी येते). वरची फुगायची असते. दोन्हीकडे पफ वापरली तर तळ दबून कच्चा राहतो, ते टाळाच. घरी करताना रसात १ टीस्पून व्हेजीमाइट (यीस्टची खारट, काळपट पेस्ट) घातलं की मांसाची चव गडद होते. मग मीठ अगदी शेवटी आणि जपून.

पंख्याचा ओव्हन असेल तर दोन्ही तपमानं २५°फॅने कमी करा.

---

मांडवीकाठ

भारतात करणाऱ्यांसाठी भर घालतो. गोव्यात बीफ मिळतं. महाराष्ट्रात २०१५ पासून बैलाचं मांसही बंद झालं, त्यामुळे तिथे म्हशीचंच. ते कमी चरबीचं आणि चिवट असतं, म्हणून वरची कृती जशीच्या तशी लावली तर खिमा दाताखाली येतो.

खाटकाला सांगून ४५० ग्रॅममागे ६०-७० ग्रॅम चरबी खिम्यातच घालून घ्या आणि यंत्रातून दोनदा काढून घ्या. तव्यावर तसाच लाल करा. मग मैदा घालण्याआधी २ कप पाण्यात किंवा स्टॉकमध्ये झाकण ठेवून ३५-४० मिनिटं मंद शिजवा. कुकर लावलात तर शिट्टी आल्यावर मंद आचेवर १० मिनिटं. नंतर पाणी गाळून मोजा. दीड कपाहून जास्त असेल तर आटवा, कमी असेल तर भर घाला. मग भाज्या, मैदा आणि तेच पाणी. मैदा घालून ४० मिनिटं शिजवत बसलात तर बुडाला लागणार.

दुकानातलं नेहमीचं बटर खारं असतं, पारीत वेगळं मीठ नको. मे महिन्यात मैदासुद्धा अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवा आणि लाटण्याआधी ओट्यावर बर्फाचं ताट १० मिनिटं ठेवून जागा गार करून घ्या. बटर पोळपाटाला चिकटायला लागलं की जास्त मैदा भुरभुरवू नका, पारी उचलून १५ मिनिटं फ्रिजमध्ये टाका.

ओटीजीत वरचा दांडा पारीच्या फार जवळ येतो. सर्वांत खालचा खण, दोन्ही दांडे चालू, आणि २० मिनिटांनंतर वरून फॉइल सैल टाका. सेलरी मिळाली नाही तर सोडून द्या. ढोबळी मिरची मात्र नको, तिचाच वास वर येतो.

---

साटोरी

सगळ्यांचे आभार, धातूचं भांडं आणते. चौथा प्रश्न राहिला. पूर्ण रचलेला कच्चा पाय रात्रभर फ्रिजमध्ये चालेल का? आणि फ्रीझरचं काय?

---

केळफूल

मेलबर्नकर, काचेचं बरं झालं सांगितलंत, धातूचंच भांडं योग्य.

रचलेला पाय रात्रभर नको, खालची पारी पाणी ओढते. सारण आणि पारीचे गोळे वेगवेगळे ठेवा. सारण शिजल्यापासून २ तासांच्या आत फ्रिजमध्ये गेलं पाहिजे, तिथे २ दिवस छान राहतं. सकाळी ते घट्ट थिजलेलं दिसेल, घाबरू नका, तसंच भरा. त्या वेळी भाजायला १० मिनिटं जास्त लागतील. मध्ये थर्मामीटर घालून १६५°फॅ (७४°से) बघा.

फ्रीझरसाठी मात्र उलट. रचूनच गोठवा, कारण गोठल्यावर पाणी हलत नाही. बटाटा वगळा, गोठून सुटला की तो दाणेदार आणि पाणचट होतो, त्याऐवजी गाजर आणि मटार वाढवा. अंड्याचा हात लावू नका, चिरा देऊ नका, दोनदा गुंडाळा. २ महिने चव टिकते. भाजताना आधी वितळवायचा नाही. वरून अंडं लावा, चिरा द्या आणि थेट ३७५°फॅवर ७५ ते ९० मिनिटं. पाऊण तासाने कडा झाका.

उरलेला ३-४ दिवसांत संपवा. गरम करायला ३५०°फॅचा ओव्हन, एका फोडीला साधारण २० मिनिटं. मायक्रोवेव्हमध्ये पारी चामट होते.