काशीला तीन म्हाताऱ्यांना घेऊन जायचंय, प्लॅन जरा बघून द्या

लालबागची_लेक

नमस्कार मंडळी. आमच्या घरात काशीचं किती वर्षं नुसतं "काशीस जावे, नित्य वदावे" चालू होतं, यंदा मात्र जायचं म्हणजे जायचंच असं ठरलंय. माणसं पाच. मी, नवरा, माझे आईबाबा आणि सासूबाई. बाबा पंच्याहत्तरीला आलेत पण ठणठणीत आहेत, आईचे गुडघे गेलेत, सासूबाईंना बीपी आहे आणि बाहेरचं कांदा-लसूण चालत नाही.

आता गंमत अशी की प्रत्येकाची काशी वेगळी आहे. बाबांना आजोबांचं श्राद्ध करायचंय आणि ते गयेला पण जाऊया म्हणतायत. सासूबाईंना श्रावणी सोमवारी विश्वनाथाचं दर्शन पाहिजे आणि गंगा आणून घरी मावंदं घालायचंय. आई दर चातुर्मासात नाथांचं भागवत वाचते, नाथांनी ते काशीत पुरं केलं म्हणून तिला घाटावर नुसतं बसायचंय. नवऱ्याचं म्हणणं एवढ्या लांब जातोच आहोत तर प्रयाग आणि अयोध्या पण उरकून घेऊ. त्याला रजा मिळणार पाच दिवस, ती पण बहुतेक दिवाळीनंतर.

विमानाने जावं की ट्रेनने, राहायचं कुठे, दर्शनाला आईला किती चालावं लागेल आणि हे सगळं पाच दिवसांत बसतं का? कोणी म्हाताऱ्या माणसांना घेऊन गेलं असेल तर प्लीज सांगा.

---

चाकरमानी_डोंबिवली

ताई, बसत नाही. सरळ सांगतो.

काशी ते प्रयाग सव्वाशे किमीच्या आसपास, काशी ते गया अडीचशे, आणि अयोध्या उलट्या बाजूला दोनशेच्या वर. म्हणजे पाचातले निदान तीन दिवस तुम्ही गाडीच्या सीटवर. गुडघेवाल्या माणसाचे त्यात हाल होतात. अयोध्या काढून टाका, गया पण काढा, गयेचं श्राद्ध हे जाता जाता उरकायचं काम नाही, तिथे वेगवेगळ्या वेद्यांवर पिंड द्यायचे असतात, त्यासाठी बाबांना वेगळं घेऊन जा, पण पितृपक्षात नको, तेव्हा गयेत पाय ठेवायला जागा नसते.

प्रयाग ठेवा. मुंबईहून जाणाऱ्या बऱ्याच गाड्या प्रयागराज छिवकीवरूनच जातात, तिथे उतरून संगम करायचा, रात्री प्रयागलाच मुक्काम आणि दुसऱ्या दिवशी काशी. येताना विमान. जुनी आणि ओळखीची गाडी महानगरी, पण ती सीएसएमटीवरून रात्री बारा वाजून गेल्यावर सुटते, त्यामुळे तारीख बदललेली असते हे डोक्यात ठेवून तिकीट काढा, पंधरा तारखेच्या रात्री निघायचं तर तिकीट सोळाचं लागतं, ह्यात लोक कायम घोळ घालतात. बुकिंग हल्ली साठ दिवस आधी उघडतं, पूर्वीसारखं एकशेवीस नाही. लोअर बर्थ तीन लागणार म्हणजे पहिल्याच दिवशी सकाळी बसा.

सगळ्यांना विमानच झेपणार असेल तर मुंबईहून थेट विमानं आहेत, बाबतपूर विमानतळ शहरापासून पंचवीसेक किमी आहे आणि ट्रॅफिक असला की तेवढ्याला तास-दीड तास सहज जातो.

---

दुर्गाघाटचा_बाळ्या

आमचं आजोळ काशीचं, दुर्गाघाटाजवळ. आता मुलुंडला असतो पण जाणंयेणं आहे, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

पहिली गोष्ट सासूबाईंसाठी. आपला श्रावण आणि तिकडचा सावन एकाच दिवशी सुरू होत नाही. तिकडे महिना पौर्णिमेनंतर सुरू होतो, आपल्याकडे अमावास्येनंतर, त्यामुळे त्यांचा सावन आपल्या आषाढाच्या दुसऱ्या पंधरवड्यातच लागतो आणि आपल्या राखीपौर्णिमेला संपतो. आपला पहिला श्रावणी सोमवार बघून तिकीट काढलं तर तिकडे सावन ऐन भरात असतो, कावडिये, रात्रीपासून रांगा, रस्ते बंद. त्यात गंगेला पूर आला की घाट पाण्याखाली जातात, नावा बंद होतात आणि दशाश्वमेध घाटावरची गंगेची आरती चक्क गच्चीवर नेतात. म्हणजे सासूबाईंना सोमवार मिळेल पण आईंना बसायला घाटच मिळणार नाही. कोणत्याही महिन्यातला साधा सोमवार धरा, तो पण शक्यतो टाळाच.

दिवाळीनंतरचं म्हणाल तर त्यातही एक मेख आहे. कार्तिक पौर्णिमेला, आपल्या त्रिपुरी पौर्णिमेला, तिकडे देवदिवाळी असते. सगळे घाट पणत्यांनी उजळलेले, दिसायला अप्रतिम, पण हॉटेलवाले त्या दिवसांत वाट्टेल तो भाव लावतात आणि संध्याकाळी घाटावर मुंगीला शिरायला जागा नसते. योगायोग बघा, नाथांनी भागवत पुरं केलं ते १५७३ सालच्या कार्तिक पौर्णिमेलाच. आईंना ते ऐकून जावंसं वाटेल, पण गुडघे बघता नका नेऊ. पौर्णिमा उलटली की आठेक दिवसांनी जा. हवा छान असते, धुकं अजून पडलेलं नसतं. डिसेंबरच्या मध्यापासून जानेवारीभर धुक्याने ट्रेन कितीही लेट होतात आणि विमानंही रखडतात.

दर्शनाचं. २०२१ च्या डिसेंबरात कॉरिडॉर, म्हणजे देवळापासून गंगेपर्यंतचा मोकळा रस्ता, सुरू झाल्यापासून आतलं आवार मोकळं झालंय, पूर्वीच्या त्या चिंचोळ्या गल्लीत जीव गुदमरायचा तो प्रकार आता नाही. गंगाद्वाराने घाटावरून वर जाता येतं, फोटोत भारी दिसतं पण पायऱ्या भरपूर आहेत, आईंना तिकडून नेऊ नका. गोदौलिया चौकाच्या बाजूने या. गाड्या तिथे गर्दीच्या वेळी अलीकडेच अडवतात, पुढे ई-रिक्षा मिळाली तर ठीक नाहीतर चालत. मोबाईल, बॅग, चामड्याचं काहीही आत नेऊ देत नाहीत. आसपासचे दुकानदार लॉकर फुकट म्हणतात आणि मग त्यांच्याकडूनच प्रसादाची टोपली घ्यायला लावतात, त्यापेक्षा सगळं हॉटेलवर ठेवूनच निघा. देवस्थानच्या स्वतःच्या साईटवर सुगम दर्शनाचं, म्हणजे पैसे भरून लवकर दर्शन घ्यायचं, तिकीट मिळतं, पहाटेच्या मंगला आरतीचंही मिळतं, दुसरीकडे कुठेही पैसे भरू नका. सिद्धिविनायकाला अंगारकीची रांग लावलेल्या माणसाला इथलं एरवीचं काही जड जाणार नाही. आधी ढुंढिराज गणपती, मग विश्वनाथ, मग शेजारी अन्नपूर्णा, आणि वेगळ्या वेळी कालभैरव, तो काशीचा कोतवाल, त्याला भेटल्याशिवाय यात्रा पुरी होत नाही असं आमची आजी म्हणायची.

आता आईंसाठी, आणि ह्याच विषयावर मला बोलायचं असतं. काशीला जाणारी आपली माणसं दशाश्वमेधची आरती बघून परत येतात आणि स्वतःचीच काशी बघत नाहीत. आज जे विश्वनाथाचं देऊळ आहे ते अहिल्याबाईंनी १७८० च्या सुमारास बांधलेलं, कळसावरचं सोनं नंतर रणजितसिंहांनी दिलं. घाट घ्या. अहिल्याबाई घाट, नागपूरकर भोसल्यांचा घाट, शिंद्यांचा घाट जिथे ते रत्नेश्वराचं तिरकं झालेलं देऊळ आहे, अमृतराव पेशव्यांनी बांधलेला राजा घाट. ज्ञानवापी विहिरीभोवतीचे खांबांचे मंडप १८२८ मध्ये बायजाबाई शिंद्यांनी बांधले. पंचगंगा घाटावर बिंदुमाधवाचं सध्याचं देऊळ औंधच्या पंतप्रतिनिधींचं. बालाजी घाटाच्या देवळात बिस्मिल्ला खाँसाहेब रियाझ करायचे. झाशीच्या राणीचा जन्म अस्सी घाटाजवळ भदैनीतला, तिथे स्मारक आहे. आणि शिवाजी महाराजांच्या राज्याभिषेकाला आलेले गागाभट्ट काशीचेच, त्यांचं घराणं मूळ पैठणचं, म्हणजे नाथांच्याच गावचं.

हे सगळं बघायला चालायची गरज नाही. पहाटे अस्सीवरून नाव करा, प्रवाहाबरोबर खाली पंचगंगेपर्यंत आणि परत. भाव आधी ठरवा, माणशी की पूर्ण नावेचा ते नीट विचारा. आईंना नावेतच बसून सगळं दिसेल आणि मग त्यांना हवं तेवढा वेळ अस्सीवर बसू द्या, तिथे पहाटेची आरती आणि गाणं असतं आणि दशाश्वमेधपेक्षा गर्दी कमी. राहायला पण अस्सीच घ्या, गाडी बरीच जवळ येते. गल्लीतलं सुंदर जुनं घर फोटोत बघून बुक कराल आणि मग बॅगा डोक्यावर घेऊन बैलांच्या मधून पंधरा मिनिटं चालाल.

---

चाळीतला_सदू

एवढे सव्यापसव्य कशाला, वाळकेश्वरला बाणगंगेवर न्या, टॅक्सीत बसून दहा मिनिटात काशी 😀

---

लालबागची_लेक

सदूभाऊ, बाणगंगेला आम्ही जातोच हो, पण सासूबाईंना हे ऐकवायची हिंमत तुम्ही करा, मी नाही करणार.

बाळ्यादादा, तुमचं लिहिलेलं आईला वाचून दाखवलं. ती म्हणाली गया-बिया राहू दे, मला ती नाव पाहिजे. बाबा मात्र अडून बसलेत, श्राद्धाचं काय? आणि सासूबाईंची मैत्रीण म्हणते काशीची गंगा घरी आणायची नसते, प्रयागचीच आणायची. खरं काय?

---

भिक्षुकी_करतो_दादरला

बाबांना सांगा, काशीतही पिंडदान होतं. एखादा अकाली गेलेला असेल, त्रिपिंडी करायची असेल तर पिशाचमोचन कुंडावर करतात. साधं तीर्थश्राद्ध घाटावर होतं. आपले मराठी गुरुजी ब्रह्माघाट-दुर्गाघाट भागात पिढ्यान्‌पिढ्या आहेत, काहींकडे जुन्या वह्या पण असतात, तुमचं मूळ गाव आणि आडनाव सांगितलं तर पणजोबा कधी येऊन गेले ते निघू शकतं. मात्र दक्षिणा आणि सामान मिळून किती ते फोनवर आधीच बोलून घ्या, घाटावर आयत्या वेळी संकल्प सोडताना हातात पाणी असतं तेव्हा घासाघीस करता येत नाही. आमच्याच व्यवसायाबद्दल बोलतोय पण जे आहे ते आहे.

गंगेचं म्हणाल तर प्रयागचीच आणावी ही रूढी आपल्याकडे पुष्कळ घरांत आहे. काशीत जो जीव आहे त्याला तिथेच मुक्ती मिळायची, त्याला पाण्याबरोबर उचलून बाहेर का न्या, असा त्यामागचा भाव सांगतात. तुम्ही प्रयागला जाणारच आहात तर वाद घालत बसू नका, त्रिवेणीवरच गडू भरून घ्या. तांब्याचे सीलबंद गडू तिथे मिळतात. विमानात हातातल्या बॅगेत नेऊ देणार नाहीत, चेक-इनच्या सामानात कपड्यांत गुंडाळून टाका. घरी आल्यावर गंगापूजन आणि मावंदं, त्याला मुहूर्ताची फार घाई नसते, नातेवाईकांना जमेल तो रविवार धरला तरी चालतं. पूर्ण यात्रा म्हणजे पुढे रामेश्वर, तिथे ही गंगा घालायची आणि तिथली वाळू परत प्रयागला. ते सासूबाईंना आत्ताच सांगू नका.

---

मुलुंडची_माई

जेवणाचं कोणी लिहिलं नाही म्हणून लिहिते. कांदा-लसणाशिवायचं काशीत मिळतं, काळजी नको, "बिना प्याज लहसुन" एवढं म्हटलं की देवळांच्या आसपास बहुतेक ठिकाणी करून देतात. केदारघाट-हनुमानघाटाकडे दक्षिणी वस्ती आहे, तिथे इडली-भात मिळतो, बीपीवाल्यांना बरं. सकाळची कचोरी-सब्जी आणि जिलबी म्हाताऱ्यांना एकदाच खाऊ द्या. मलइयो, म्हणजे दुधाच्या फेसाची मिठाई, फक्त थंडीत मिळतं, तुम्ही त्या वेळी गेलात तर सकाळी लवकर जाऊन खा, उशिरा संपतं.

आणि मणिकर्णिका घाटावर, जिथे प्रेतं जाळतात तिथे, कोणी येऊन गरिबांच्या लाकडासाठी दान द्या म्हणून मागे लागलं तर हात जोडून पुढे व्हा, तिथे फोटोही काढू नका. सारनाथ जेमतेम दहा किमी आहे, बाबांना श्राद्धानंतर एक दुपार तिथे न्या, अशोकस्तंभाचे ते चार सिंह तिथल्या म्युझियममध्ये आहेत, पण शुक्रवारी बंद असतं.

---

लालबागची_लेक

तर मग असं ठरवते. कार्तिक पौर्णिमेनंतरचा दुसरा आठवडा. जाताना ट्रेन, छिवकीला उतरून प्रयागला एक रात्र, मग काशीत अस्सीला तीन रात्री, येताना विमान. अयोध्या कट. नवरा कुरकुरतोय पण पाचाचे सहा दिवस मागून घेतो म्हणालाय. बाबांनी दुर्गाघाटाकडच्या गुरुजींची चौकशी सुरू पण केली.

बाळ्यादादा, नाव पहाटे किती वाजता करायची? सासूबाईंचं म्हणणं आधी स्नान, मग नाव. आईचं म्हणणं उलट.

---

दुर्गाघाटचा_बाळ्या

सूर्योदयाच्या अर्धा तास आधी घाटावर पाहिजे. त्या दिवसांत सहाच्या सुमारास. आधी नाव, ऊन वर आल्यावर स्नान, नोव्हेंबरअखेरीला गंगेचं पाणी गार असतं आणि सासूबाईंना बीपी आहे. एक स्वेटर प्रत्येकी, मुंबईकर हमखास विसरतात.