‘समांतर’ एकच आणि कामं चार: यादीच्या रचनेला काय म्हणायचं?

अनुवादिका_कोथरूड
प्रोग्रामिंग शिकवणाऱ्या एका इंग्रजी पुस्तिकेचं मराठी चाललं आहे. त्यात ‘पॅरलल’ चार अर्थांनी येतो. यादीतले मुद्दे पॅरलल रचनेत, म्हणजे एकाच साच्यात, लिहा, ही लेखनसूचना. मग पॅरलल असाइनमेंट, म्हणजे एका ओळीत दोन नावांना दोन किमती. मग पॅरलल अ‍ॅरे. म्हणजे जोडीने वाचायच्या दोन याद्या. आणि शेवटी पॅरलल प्रोसेसिंग, म्हणजे अनेक कामं एकाच वेळी चालवणं. शब्दसूचीचा दंडक असा की एका इंग्रजी शब्दाला एकच मराठी शब्द. सगळीकडे ‘समांतर’ बसवला आणि हे वाक्य निघालं: ‘समांतर प्रक्रियांची यादी समांतर लिहा.’ तपासणाऱ्याने अर्थ लावला, ‘एकाच वेळी लिहा’. शेवटच्या अर्थाला समांतर रूढ आहे, तो हलणार नाही. पहिल्यासाठी शब्द हवाय. शुक्रवारी मजकूर द्यायचा आहे.

पेठ_तीस
समांतर म्हणजे सम अंतर. दोन रेघांमधलं अंतर कुठेही मोजा, तेवढंच भरतं. शब्द एवढंच सांगतो. वाक्याच्या तुकड्यांत कसलं अंतर मोजणार? मूळ ग्रीक शब्दात अंतर नाहीच, ‘एकमेकांच्या बाजूला’ एवढाच अर्थ आहे. ‘समरचना’ म्हणा. विषय संपला.

रोध_विरोध
इतक्यात कसा संपेल? विजेच्या धड्यात ‘एकसर जोडणी’ (एकामागून एक) आणि ‘समांतर जोडणी’ असते. समांतर जोडलेल्या रोधांमधलं अंतर कुणी पट्टीने मोजत नाही. दोघांची टोकं त्याच दोन बिंदूंना जोडलेली, म्हणून विभवांतर (व्होल्टेज) सारखं. तिथे कुणाची तक्रार नाही. उलट हिंदी पाठ्यपुस्तकातली ‘समांतर श्रेढी’ म्हणजे आपली अंकगणिती श्रेढी: २, ५, ८, ११. तिथल्या ‘अंतर’चा अर्थ फरक. शब्द व्युत्पत्तीवर चालत नाहीत हो, सवयीवर चालतात.
(‘एकसर’ इतका देखणा शब्द अख्ख्या परिभाषेत नसेल, हे जाता जाता.)

अर्धविराम
शब्दाआधी वस्तू बघा. यादीतली चूक मराठीत कशी दिसते? वापरसूचनांत हमखास आढळणारा नमुना:

१. झाकण उघडा.
२. गाळणी काढून धुणे.
३. टाकी अर्धी भरावी.
४. बटण दाबले की दिवा लागतो.

‘उघडा’ आज्ञार्थ, ‘धुणे’ धातुसाधित नाम, ‘भरावी’ विध्यर्थ. चौथी तर कृतीच नाही, परिणाम आहे. वाचणारा तिथे अडतो, कारण बटण त्याने दाबायचं की नुसती माहिती दिली आहे, ते कळत नाही. दुरुस्ती: ‘बटण दाबा. दिवा लागेल.’ कृतीचं क्रियापद इतरांसारखं, परिणाम वेगळ्या वाक्यात.

कोणतं रूप घ्यायचं ते यादीच्या डोक्यावरचं वाक्य ठरवतं. वर ‘पुढील कामे करणे आवश्यक आहे’ असेल तर खाली ‘उघडणे, धुणे, भरणे’. वर ‘असे करा’ असेल तर ‘उघडा, धुवा, भरा’. डोक्यावरचं वाक्य प्रत्येक मुद्द्याला जोडून मोठ्याने वाचायचं. जिथे जीभ अडेल, तो मुद्दा बदलायचा.

इंग्रजी शैलीपुस्तकात न सापडणारा दुसरा खड्डा विभक्तीचा आहे. ‘पुणे, सातारा आणि कोल्हापूरला गाडी थांबते’ हे खपून जातं, कारण कोल्हापूरचं सामान्यरूप दिसत नाही. क्रम फिरवा: ‘कोल्हापूर, पुणे आणि साताऱ्याला’. आता पुणे उघडं पडलं. एकतर तिघांना ‘ला’ लावा, नाहीतर शेवटी एकच ‘येथे’ ठेवा. बातम्यांत ‘येथे’चा सुळसुळाट असतो तो उगीच नाही.

वृत्तवेडी
हे सगळं म्हणींनी कधीच साधलंय. ‘ऐकावे जनाचे, करावे मनाचे’: क्रियापद-षष्ठी, क्रियापद-षष्ठी, दोन्हीकडे सहा अक्षरं. मात्रा मोजल्यात तर अकरा आणि दहा, एक लंगडी. ‘गरज सरो, वैद्य मरो’मध्ये अक्षरं पाच आणि चार, पण मात्रा सहा-सहा. म्हणून ती जिभेवर जास्त घट्ट बसते. ग्रीक वक्तृत्वशास्त्रात अशा तोलाला ‘आयसोकोलॉन’ म्हणतात, म्हणजे सारखे अवयव.

आता सीझरची तीन शब्दांची फुशारकी घ्या, इ. स. पू. ४७, झेलाच्या लढाईनंतरची: वेनी, विदी, विकी. तिन्ही प्रथमपुरुषी, एकाच काळातली. मराठीत? ‘तो आला, त्याने पाहिलं, त्याने जिंकलं.’ पहिल्या पावलालाच लंगडलं. येणे अकर्मक, म्हणून कर्तरी. पाहणे आणि जिंकणे सकर्मक, म्हणून ‘तो’चा ‘त्याने’. ‘मी’ घातलात तर कर्ता सारखा दिसतो, पण ‘आलो’ आणि ‘पाहिलं’ जुळत नाहीत. काळ बदला: ‘येईन, पाहीन, जिंकेन.’ झालं की चोख! अकर्मक-सकर्मक एकत्र आली की भूतकाळात मराठी वाक्यं अशी तोलता येत नाहीत, भविष्यकाळात आपोआप तोलली जातात. हा दोष लेखकाचा नाही, प्रयोगाचा आहे.

पेठ_तीस
म्हणूनच ‘त्याने दार उघडलं आणि आत आला’ हे अशुद्ध आहे. ‘आणि तो आत आला’ असंच हवं.

अर्धविराम
बोलताना तुम्हीसुद्धा ‘तो’ गाळत असाल, पैज लावतो. पण इथे ‘आणि’चीच गरज नाही. ‘दार उघडून तो आत आला.’ मराठीचा ओढा ‘ऊन’कडे आहे. शेवटचं एकच क्रियापद पूर्ण, आधीची सगळी ‘चिरून, परतून, घालून’. मुद्दाम असमांतर. इंग्रजी नियम डोळे मिटून लावला तर ‘चिरा आणि परता आणि घाला’ असं बाराखडीसारखं मराठी होतं.

धागा_गुंता
थांबा, हा फरक आम्हा प्रोग्रामरांच्या कामाचा आहे. ‘कांदा चिरून फोडणी करा’ यात क्रम बांधलेला आहे. ‘कांदा चिरा आणि फोडणी करा’ यात आधी काय ते मोकळं. म्हणजे ‘ऊन’ हा एकसर, ‘आणि’ समांतर होऊ शकतो.

आता दुसरा अर्थ. ‘अ, ब = ब, अ’ लिहिलं की किमती अदलाबदल होतात, तिसरं भांडं लागत नाही. याला समांतर म्हणतात, पण नीट बघा. न = ०, क = [०, १] असं धरा (क[०] हा यादीतला पहिला घटक, क[१] दुसरा) आणि लिहा: न, क[न] = १, २. पायथन ही प्रोग्रामिंगची भाषा उजवी बाजू आधी पूर्ण काढते, मग डावीकडे एकामागून एक किमती देते. न आधी १ होतो, म्हणून बदलतो तो क[१]. यादी होते [०, २]. गो भाषेत हीच ओळ डावीकडचा क[न] आधी ठरवून ठेवते, म्हणून बदलतो क[०]. यादी होते [२, १]. पायथनची ही ‘समांतर’ नेमणूक शेवटच्या टप्प्यात चक्क एकसर आहे!
(छापण्यापुरते अंक देवनागरी केलेत. पायथन देवनागरी नावं घेतो, पण कोडमधला आकडा १ असा लिहिला तर नाकारतो. गोला तर ‘यादी’ हे नावच चालत नाही, काना-वेलांटीला तो अक्षर मानत नाही. ‘न’ आणि ‘क’ उगीच नाही निवडले.)

सूत्रधारी
या दुसऱ्या आणि तिसऱ्या अर्थाला तयार शब्द आहे: यथासंख्य. अलंकारशास्त्रात आहे आणि त्याआधी पाणिनीत, १.३.१०, ‘यथासंख्यमनुदेशः समानाम्’. दोन याद्यांची संख्या सारखी असेल तर पहिल्याला पहिला, दुसऱ्याला दुसरा. शाळेतला संधी आठवा: ए, ओ, ऐ, औ यांना अय्, अव्, आय्, आव्. ने + अन नयन, भो + अन भवन, गै + अन गायन, पौ + अक पावक. सूत्रात जोड्या लावून दिलेल्या नाहीत, फक्त दोन याद्या आहेत. हेच तुमचे पॅरलल अ‍ॅरे.

धागा_गुंता
मानलं! आणि ‘समानाम्’ हा शब्द तर सोन्याचा. पायथनचं ‘झिप’ दोन याद्या अशाच जोडतं, पण एक आखूड निघाली तर उरलेले घटक मुकाट्याने टाकून देतं. चाळीस नावं, एकोणचाळीस गुण, शेवटचा विद्यार्थी गायब, एरर नाही. याद्या असमान निघाल्या तर एरर देणारी ‘स्ट्रिक्ट’ची सोय ३.१० आवृत्तीत आली, २०२१ साली. दुसरा घात क्रमवारीचा: नावांची यादी अकारविल्हे लावली आणि गुणांची तशीच राहिली, की सगळा निकाल चुकतो आणि दिसतो मात्र बरोबर. अशा याद्या ठेवूच नयेत, एका नोंदीत नाव आणि गुण एकत्र ठेवावेत.

सूत्रधारी
एक दुरुस्ती. पाणिनीकडे एरर नाही. संख्या असमान असेल तर क्रमाने जोड्या लावण्याचा नियमच लागू होत नाही.

रोध_विरोध
पुण्यात बसून ‘पॅरलल’वर वाद आणि परमचं नाव नाही? सी-डॅक या इथल्याच संस्थेचा महासंगणक परम ८०००, १९९१. परम म्हणजे ‘पॅरलल मशीन’चं आखूड रूप. लोक संस्कृत समजून नमस्कार करतात. अनुवादिकाताई, ‘परम रचना’ लिहून टाका.

पेठ_तीस
विनोद पुरे. चौथ्या अर्थातही गोंधळ आहे. कामं आलटून-पालटून चालणं आणि खरोखर एका क्षणी चालणं या वेगळ्या गोष्टी. पहिलीला ‘समवर्ती’ म्हणा, संविधानातल्या समवर्ती सूचीसारखं.

धागा_गुंता
उपमा तुम्हाला वाटते त्याहून चांगली आहे. त्या सूचीतल्या विषयावर केंद्र आणि राज्य दोघंही कायदा करू शकतात. विसंगती आली तर सहसा केंद्राचा टिकतो, कलम २५४. आमच्याकडे कलम २५४ लिहिलं नाही की काय होतं? मोजणीत एक मिळवणे म्हणजे तीन पायऱ्या: वाचा, मिळवा, लिहा. दोन धागे (थ्रेड, म्हणजे एकाच प्रोग्राममध्ये बरोबरीने चालणारी कामं) एकदम ५ वाचतात, दोघंही ६ लिहितात. हवे होते ७. कुलूप लावा, म्हणजे एका वेळी एकच धागा मोजणीला हात लावेल, नाहीतर प्रत्येकाची मोजणी वेगळी ठेवून शेवटी बेरीज करा. दुसरा उपाय बहुधा वेगवान, कारण कुलपापाशी रांग लागते.

वृत्तवेडी
पोळ्यांचं उदाहरण द्या, सगळ्यांना कळेल. एक लाटते, एक भाजते.

धागा_गुंता
ती समांतर नाही, ती साखळी. लाटायला ३० सेकंद, भाजायला ४५, तर पोळी दर ४५ सेकंदांनीच निघणार. भरभर लाटलंत तर लाटलेल्या साचून एकमेकींना चिकटतील. समांतर म्हणजे दहा जणींनी दहा पोळपाटांवर करणं. तिथेही कणीक मळून मुरवायला ३० मिनिटं आणि एकटीला पोळ्यांना ६० लागत असतील, तर दहा जणींत ३० अधिक ६, म्हणजे ३६. शंभर जणी आणा, ३०च्या खाली उतरत नाही. ९० मिनिटांचं काम फार तर तिप्पट वेगाने होईल. अ‍ॅमडाल या संगणकतज्ज्ञांनी १९६७ साली मांडलं ते हेच.

रोध_विरोध
आणि दहा तवे कोण देणार?

पेठ_तीस
‘पोळी’ म्हणालात हे बरं केलंत. काही लोक चपाती म्हणतात.

वृत्तवेडी
झालं, आता हा धागा दोनशे प्रतिसादांवर जाणार.

अनुवादिका_कोथरूड
‘समरूप रचना’ लिहिणार होते, पण समरूप त्रिकोणांनी तो शब्द आधीच घेतलाय आणि एकरूपही. म्हणून यादीच्या सूचनेत संज्ञाच काढली: ‘यादीतल्या सगळ्या वाक्यांची क्रियापदे एकाच रूपात ठेवा.’ पॅरलल अ‍ॅरेला यथासंख्य चालतंय का बघते. शब्दसूचीवाले काय म्हणतील माहीत नाही.

पेठ_तीस
‘ठेवा’ की ‘ठेवावीत’? त्याच पानावरच्या बाकी सूचना कशा आहेत?

अनुवादिका_कोथरूड
विध्यर्थी. सगळ्या.