नुसत्या व्हर्जन नंबरनं भागत नाही

कर्नलएक्स म्हणजे नव्या विंडोजसाठीचे प्रोग्राम विंडोज ९८ वर चालावेत म्हणून टाकायचं सॉफ्टवेअर. ते प्रोग्रामला विंडोजचा खोटा व्हर्जन नंबर सांगतं, बाकी काही नाही, असं काही जण म्हणतात, ते अर्धंच बरोबर आहे. नंबर सांगतंच ते, पण खरी अडचण पुढे असते. विंडोज ९८ वर एक्सपीसाठीचा प्रोग्राम उघडला की 'मिसिंग एक्स्पोर्ट कर्नल३२' अशी पाटी यायची, आठवतंय का? म्हणजे प्रोग्रामला जे फंक्शन, म्हणजे विंडोजकडून करून घ्यायचं जे तयार काम हवंय, ते ९८ च्या कर्नल३२ या फाइलमध्ये नाहीच. कर्नलएक्स ती फंक्शन्स पुरवतं, काही खरोखर लिहिलेली, काही नुसती नावाला, बोलावलं तर 'जमत नाही' एवढंच सांगणारी, आणि तेवढ्यानंही कितीतरी प्रोग्राम निदान सुरू होतात.

मामांच्या प्रेसमध्ये स्टिकर कापायच्या मशीनसाठी ९८ चा पीसी होता, मशीनचं कार्ड आयएसए या जुन्या प्रकारच्या स्लॉटचं, नवीन मदरबोर्डवर तो स्लॉटच नसतो, मग बदलणार कसा. फायरफॉक्स ३ ला खरं तर किमान विंडोज २००० लागायचं, पण कर्नलएक्स टाकलं, फाइलवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीजमधल्या कर्नलएक्सच्या टॅबवर एक्सपी मोड निवडला आणि ते उघडलं, मामा खुर्ची ओढून शेजारीच बसले! मात्र एक करा, हा मोड प्रत्येक प्रोग्रामला वेगळा लावता येतो, तेव्हा मशीन चालवणाऱ्या जुन्या सॉफ्टवेअरला त्याच टॅबवरून कर्नलएक्स बंदच करून टाका. आम्ही पहिल्याच दिवशी ते केलं, कटिंगला कधी त्रास झाला नाही.