माज्जोरानीला डी सिकाने देशोधडीला लावले?

धूळपाटी
'बायसिकल थीव्ज' या इटालियन चित्रपटाचा नायक लाम्बेर्तो माज्जोरानी याला दिग्दर्शक डी सिकाने वापरून फेकून दिले, अशी पोस्ट काल येथे आली आणि सगळ्यांनी माना डोलावल्या, म्हणून हे लिहावे लागत आहे. रोमच्या ब्रेडा कारखान्यातला हा कामगार मुलाच्या भूमिकेसाठी आपल्या पोराला पुढे करत होता, पण डी सिकाची नजर बापावर पडली. काम संपताच कारखान्यात परत जायचे, असे त्याच्याकडून आधीच कबूल करून घेतले होते. हॉलिवूडचा तारा केरी ग्रँटला घेतल्यास पैसे देऊ, असे तिथला निर्माता सेल्झनिक सांगत असताना ज्याने ते नाकारून कामगाराला उभे केले, त्यालाच फसवा म्हणायचे?

तीनखांबी
त्या कबुलीचे कौतुक पुरे. १९४८ साली चित्रपट आला, माज्जोरानी परत गेला, आणि लवकरच कारखान्याने त्याला कमी केले, कारण याने बक्कळ पैसा कमावला, अशी तेथे समजूत होती. पुढे त्याने गवंडीकाम केले. माझे वडील लेथवर होते, कामगार नाट्यस्पर्धेतल्या बक्षिसाचा फोटो पेपरात छापून आला, तेव्हा साहेब म्हणाले, "आता तुम्हाला पगाराची काय गरज?" आणि पुढच्या कपातीच्या यादीत त्यांचेच नाव निघाले. तेव्हा मला ती कबुली दाखवू नका.

धूळपाटी
वडिलांविषयी वाईट वाटते, पण तुमचा राग साहेबावर आहे आणि तो तुम्ही डी सिकावर काढत आहात.

आडपडदा
दोघेही मूळ मुद्दा टाळत आहात. माज्जोरानी नट नव्हताच. तो चेहरा होता, म्हणून पुढे किरकोळ कामांपलीकडे गेला नाही. १९५२ साली मुंबईच्या चित्रपट महोत्सवात बिमल रॉय यांनी हाच चित्रपट पाहिला आणि 'दो बिघा जमीन'साठी बलराज साहनींना घेतले. कलकत्त्याच्या रस्त्यांवर रिक्षा ओढून सराव करणारा तो शिकलेला नट होता, आणि त्याची कारकीर्द टिकली.

तीनखांबी
साहनींना सराव करावा लागला, यातच सगळे आले! स्वतःची सायकल चोरीला गेल्यावर स्टेडियमबाहेर दुसऱ्याच्या त्या एकट्या सायकलीकडे पाहताना माज्जोरानीची जी घालमेल होते, ती कोणत्या शाळेत शिकवतात?

आडपडदा
घालमेल एकदाच दाखवता येते, महाशय. साहनी गरीब शेतकरीही झाले आणि 'गर्म हवा'मधले आग्र्याचे व्यापारीही. तुमच्या माज्जोरानीला दुसरे काय करता आले, तेवढे सांगा.

तीनखांबी
दुसरे काही द्यायला कोणी तयार असते, तर कळले असते. शिकलेल्या नटाला पहिल्या अपयशानंतर दुसरी संधी मिळते. कामगाराला पहिल्या यशानंतरही मिळत नाही.

धूळपाटी
हे मात्र मान्य करणे भाग आहे, नाइलाजाने का होईना. 'बायसिकल थीव्ज'चे पटकथाकार झावात्तिनी यांनाही ही बोच होती. काम शोधत फिरणाऱ्या माज्जोरानीवरच चित्रपट करावा, असे त्यांच्या मनात होते. पण दिग्दर्शक पासोलिनीने 'मम्मा रोमा' या चित्रपटात त्याला बोलावलेच ना?

तीनखांबी
बोलावले तर! इस्पितळातला रुग्ण म्हणून. आणि त्याचा रेडिओ चोरीला जातो.